वेस आतून बंद केलेलं गाव

माळावर एक भला मोठा दगड आहे. त्याच्या पाठीवर छोटे छोटे गोल खळगे पाडलेले आहेत. साडेतीनशे वर्षांपूर्वी या खळग्यांत व्हिनेगर भरलेलं असायचं आणि त्यात बुडवलेली नाणी. शेजारच्या गावची माणसं यायची, पाव, पीठ, औषधं दगडापाशी ठेवायची, नाणी उचलायची आणि मागं वळून न बघता निघून जायची. ती दिसेनाशी झाली की दुसऱ्या बाजूनं कुणीतरी येऊन ते सामान घेऊन जायचं. समोरासमोर कुणी यायचं नाही. कारण दगडाच्या एका बाजूला प्लेग होता आणि दुसऱ्या बाजूला नव्हता.

हे गाव आहे इंग्लंडमधलं. इंग्रजी स्पेलिंग बघून वाचलं तर कुणीही ‘एयम’ म्हणेल, पण तिथली माणसं म्हणतात ‘ईम’. आपणही ईमच म्हणू या.

लंडनच्या उत्तरेला साधारण अडीचशे किलोमीटरवर डर्बीशायर नावाचा डोंगराळ मुलूख आहे. तिथं एका डोंगराच्या उतरणीवर ईम वसलंय. लोकवस्ती आजही हजाराच्या आतबाहेर. करड्या दगडांची घरं, मधोमध चर्च, चर्चच्या आवारात आठव्या शतकातला कोरीव दगडी क्रूस आणि आजूबाजूला मेंढ्यांची कुरणं. पूर्वी गावातले पुरुष शिशाच्या खाणीत उतरायचे, नाहीतर शेती आणि मेंढ्या बघायचे. १५८८ साली या गावानं झऱ्याचं पाणी नळ्यांमधून आणून रस्त्याकडेच्या दगडी कुंड्यांत खेळवलं होतं. असं सार्वजनिक पाणी असलेल्या इंग्लंडमधल्या अगदी पहिल्या गावांमध्ये ईमचं नाव घेतात. त्या दगडी कुंड्या अजून जागच्या जागी आहेत.

म्हणजे तसं चारचौघांसारखंच गाव. पण १६६५ साली इथल्या एका घरात लंडनहून एक खोका आला आणि सगळंच बदललं.

ओलसर कापडाचा खोका

ते घर होतं मेरी हॅडफिल्डचं. पहिला नवरा वारलेला, त्याच्यापासूनची दोन मुलं, आणि नुकतंच दुसरं लग्न झालेलं. हा दुसरा नवरा शिंपी. जॉर्ज विकर्स नावाचा एक कारागीर त्यांच्याकडे मुक्कामाला होता. ऑगस्टच्या शेवटी लंडनहून कापडाचा खोका आला. कापड ओलसर लागलं म्हणून विकर्सनं ते चुलीपुढं वाळत घातलं. आपणही पावसाळ्यात दुसरं काय करतो?

त्या वर्षी लंडनमध्ये प्लेगनं थैमान घातलं होतं. शहरात सुमारे एक लाख माणसं मेली. कापडाबरोबर त्या रोगाच्या पिसवा ईमपर्यंत आल्या, असं मानलं जातं. थोड्याच दिवसांत विकर्स तापानं फणफणला, अंगावर गाठी आल्या. ७ सप्टेंबर १६६५ रोजी त्याला पुरलं. महिना उलटायच्या आत मेरीचा धाकटा मुलगा गेला, पाठोपाठ थोरला. पुढच्या वर्षी नवराही. मेरी मात्र जगली. चार भिंती त्याच, चूल तीच, आणि आत एकटी बाई.

हळूहळू आजूबाजूच्या घरांतून प्रेतं निघू लागली. थंडी पडली तशी साथ जरा ओसरली. गावाला वाटलं, सुटलो. पण १६६६ चा वसंत संपता संपता पुन्हा माणसं पटापट मरायला लागली. आता गावात एकच बोलणं होतं, ‘बाहेर पडायचं का?’ ज्यांच्याकडे पैसा होता, दुसरीकडे घर होतं, त्यांतले काही आधीच निघून गेले होते.

दोन धर्मगुरू, एक निर्णय

गावचा धर्मगुरू होता विल्यम मॉम्पेसन. वय अवघं अठ्ठावीस. गावात येऊन दोनच वर्षं झालेली. गावाचा त्याच्यावर म्हणावा तसा विश्वास नव्हता. लोकांचा जीव होता तो आधीच्या धर्मगुरूवर, टॉमस स्टॅन्लीवर. पण राजानं लादलेली नवी प्रार्थनापद्धत स्टॅन्लीला मान्य नव्हती, म्हणून त्याचं पद गेलं होतं. म्हणजे एक सरकारमान्य गुरू आणि एक लोकांच्या मनातला. दोघांचं जमायचं काहीच कारण नव्हतं. पण जून १६६६ मध्ये दोघं एकत्र बसले आणि त्यांनी गावापुढं तीन गोष्टी ठेवल्या.

पहिली, चर्चच्या दफनभूमीत आता कुणाला पुरायचं नाही. ज्यानं त्यानं आपलं माणूस आपल्या परसात, आपल्या शेतात पुरायचं, तेही ताबडतोब. दुसरी, चर्चला कुलूप. प्रार्थना गावाबाहेरच्या ‘ककलेट डेल्फ’ नावाच्या घळीत, उघड्यावर, कुटुंबाकुटुंबात अंतर ठेवून. आणि तिसरी, सगळ्यात कठीण. गावच्या हद्दीबाहेर कुणी पाऊल टाकायचं नाही. बाहेरच्यानं आत यायचं नाही. रोग इथंच संपला पाहिजे, आजूबाजूच्या गावांत जाता कामा नये.

जवळच चॅट्सवर्थचा प्रचंड वाडा आहे. तिथला डेव्हनशायरचा अर्ल अन्नधान्य पुरवायला तयार झाला. गावाच्या एका अंगाला तो खळग्यांचा दगड आणि दुसऱ्या अंगाला डोंगरावरचा एक झरा, अशा देवाणघेवाणीच्या जागा ठरल्या. त्या झऱ्याला आज ‘मॉम्पेसनची विहीर’ म्हणतात. गावानं मान डोलावली आणि वेस बंद झाली. बाहेरून नाही, आतून.

२०२० सालचा लॉकडाऊन आपण सगळ्यांनी पाहिलाय. दारात ठेवलेली पिशवी, सॅनिटायझरनं पुसलेल्या नोटा, गावाच्या वेशीवर आडवे टाकलेले बांबू. त्यामुळे व्हिनेगरमधल्या नाण्यांची गोष्ट आता आपल्याला परकी वाटत नाही. फरक एवढाच, की ईमच्या माणसांना रोगजंतू म्हणजे काय हे ठाऊक नव्हतं. तो शोध लागायला अजून सव्वादोनशे वर्षं होती.

आठ दिवसांत सात खड्डे

इतिहासात नोंद झाली ती त्या दोन धर्मगुरूंची. निर्णय त्यांचा होता, हे खरंच. पण निर्णय घेणं वेगळं आणि तो रोजच्या रोज घरात निभावणं वेगळं. हे आपल्याला कुणी सांगायला नको.

गावापासून थोड्या अंतरावर रायली नावाचं शेत आहे. तिथं एलिझाबेथ हॅनकॉक राहायची. १६६६ चा ऑगस्ट. त्या महिन्यात गावात ७८ माणसं गेली, संपूर्ण साथीतला हा सगळ्यात वाईट महिना. तीन ऑगस्टला एलिझाबेथची दोन मुलं गेली. दहा ऑगस्टपर्यंत तिनं नवरा आणि सहा मुलं गमावली. आठ दिवसांत सात जीव.

पुरायला कोण येणार? नियमच होता ना, ज्याचं माणूस त्यानं पुरायचं. सांगतात की तिनं तोंडाला फडकं बांधलं, प्रेताच्या पायाला कापड बांधलं आणि एकेकाला ओढत शेतात नेलं. खड्डाही तिनंच खणला. समोरच्या टेकडीवरून शेजारगावचे लोक हे बघत होते म्हणे. मदतीला येता येत नव्हतं. ती वाचली. तिचा एक मुलगा कामासाठी शेफिल्डला गेलेला होता. साथीनंतर ती त्याच्याकडे निघून गेली. रायलीच्या त्या शेतात आज एक गोल दगडी कुंपण आहे आणि आत त्या सात जणांची स्मारकं.

एमट सिडल ही लग्नाच्या वयाची मुलगी. शेजारच्या स्टोनी मिडलटन गावच्या रोलंड टोरीशी तिचं लग्न ठरलेलं. तिच्या घरातली माणसं १६६५ च्या शरद ऋतूतच गेली होती. गावात अजून बंदी नव्हती, तरी एमटनं रोलंडला सांगितलं, जवळ यायचं नाही. दोघं घळीत भेटायची, पण या टोकाला एक आणि त्या टोकाला एक. बोलणंही नाही, नुसतं बघणं. एप्रिलच्या शेवटी ती यायची बंद झाली. चर्चच्या नोंदवहीत एमटच्या दफनाची तारीख २९ एप्रिल १६६६ अशी आहे. पण रोलंडला ते कळायला मार्ग नव्हता. साथ संपल्यावर गावात शिरलेल्या पहिल्या माणसांमध्ये तो होता, असं गावकरी आजही सांगतात.

आणि कॅथरिन, धर्मगुरूची बायको. जॉर्ज आणि एलिझाबेथ ही तिची दोन लहान मुलं. आपण सगळेच निघू, असं तिनं आधी नवऱ्याला विनवलं होतं. त्यानं नकार दिला. मग तिनं मुलांना यॉर्कशायरला नातेवाइकांकडे धाडलं आणि स्वतः मात्र नवऱ्यासोबत राहिली. आजाऱ्यांच्या घरी जात राहिली. ऑगस्टमधल्या एका संध्याकाळी दोघं फिरायला निघाले असताना ती म्हणाली, हवेला किती गोड वास येतोय. नवऱ्याच्या पोटात धस्स झालं. असा वास येणं हे प्लेगचं लक्षण समजत. २५ ऑगस्टला कॅथरिन गेली. तिचं वय तिशीच्या आतलं.

मॉम्पेसननं मुलांना पत्र लिहिलं. तुमची आई किती मायाळू होती, किती साधी आणि काटकसरी होती, तुमच्यावर तिचा किती जीव होता, हे त्यात आहे. ते पत्र आजही वाचायला मिळतं. मुलांना पाठवून आईनं मागं राहायचं ठरवलं, त्या रात्री त्या घरात काय बोलणं झालं असेल, हे मात्र कुठल्याच पत्रात नाही.

गोष्टीतल्या न शोभणाऱ्या बाजू

मैत्रिणींनो, अशी गोष्ट ऐकली की आपण लगेच हात जोडतो. पण गाव काही देवमाणसांचं नव्हतं आणि हेही सांगायला हवं.

मार्शल हाऊ नावाचा एक धिप्पाड खाणकामगार होता. त्याला प्लेग होऊन तो बरा झाला होता, म्हणून आपल्याला आता काही होणार नाही अशी त्याची समजूत. ज्यांच्या घरी पुरायला कुणी उरलं नाही तिथं तो जायचा आणि मोबदला म्हणून मेलेल्यांचे कपडे, सामान घरी न्यायचा. त्याची बायको आणि मुलगा प्लेगनं गेले. त्यानंच घरी काही आणलं असेल का, हा प्रश्न त्याला जन्मभर छळत राहिला असणार. पुढं कित्येक वर्षं ईममधल्या आया हट्टी पोरांना ‘मार्शल हाऊला बोलावू का?’ म्हणून घाबरवायच्या.

दुसरी गोष्ट टाइड्सवेलच्या बाजाराची. सांगतात की ईममधली एक बाई न राहवून बाजाराला गेली. कुणीतरी ओळखलं आणि ओरडा झाला. लोकांनी तिला चिखल, दगड, हाताला येईल ते फेकून मारत पिटाळून लावलं. म्हणजे ईमच्या गरिबांनी बाहेर पडायचं म्हटलं असतं, तरी त्यांना घेणार कोण होतं?

इथंच इतिहासकारांचा प्रश्न येतो. पॅट्रिक वॉलिस या अभ्यासकानं २००६ साली दाखवून दिलं, की ईमच्या त्यागाची आज सांगितली जाते ती कथा बरीचशी पुढच्या शतकांत घडत, रंगत गेली आहे. पैसेवाले निघून गेले होते. धर्मगुरूची मुलं सुरक्षित होती. उरलेल्यांपुढं खरोखर किती पर्याय होते? आणि मेलेल्यांचा आकडा? परंपरेनं तो २६० सांगतात. आधी समजूत होती की गावात साडेतीनशेच माणसं होती. पुढं नोंदी तपासल्यावर कळलं, की वस्ती सातशेच्या आसपास असावी.

२०१६ मध्ये लिलिथ व्हिटल्स आणि झेव्हियर डिडेलो या दोन संशोधकांनी ईमच्या नोंदवहीतली एकेक तारीख, एकेक घर घेऊन गणित मांडलं. त्यांच्या म्हणण्याप्रमाणे जवळपास तीन चतुर्थांश लोकांना रोग उंदरांवरच्या पिसवांकडून नाही, तर दुसऱ्या माणसाकडून झाला. त्यात एकाच घरात राहणाऱ्यांना धोका सगळ्यात जास्त. आजाऱ्याच्या उशाशी कोण बसतं, घाम कोण पुसतं, घाणेरडे कपडे कोण धुतं, हे आपल्याला माहीत आहे. गावाची वेस बंद करता आली, पण घरातलं दार आजाऱ्यावर बंद करता आलं नाही.

पण एवढं सगळं धरूनही एक गोष्ट उरतेच. साथ ईमबाहेर पसरली नाही. कारण धैर्य असो, धाक असो की नाइलाज, त्या उन्हाळ्यात गावकरी जागचे हलले नाहीत. १ नोव्हेंबर १६६६ ला शेवटचा माणूस गेला. चौदा महिने संपले.

प्लेग आणि आपण

त्यानंतर दोनशे तीस वर्षांनी, १८९६ साली, हाच रोग मुंबईत उतरला आणि तिथून पुण्याला पोचला. आपल्याकडे वेस गावानं बंद केली नाही. गोऱ्या सोजिरांनी घरात घुसून माणसं बाहेर काढली, सामान जाळलं. लोकांच्या मनात रोगाइतकीच त्या सोजिरांची दहशत बसली. त्या धामधुमीत सावित्रीबाई फुले त्यांचा डॉक्टर मुलगा यशवंत याच्या दवाखान्यात आजाऱ्यांना आणत होत्या, त्यांची सेवा करत होत्या. त्यातच त्यांना प्लेग झाला आणि १० मार्च १८९७ रोजी त्या गेल्या. त्याच वर्षी इंग्रज सरकारनं साथरोग कायदा केला. तोच कायदा २०२० च्या मार्चमध्ये करोनासाठी पुन्हा बाहेर काढला गेला.

देश वेगळे, शतकं वेगळी. पण सत्तेनं लादलेली बंदी आणि माणसांनी एकमेकांना सांगून पाळलेली बंदी यांत फरक असतो, तो या दोन गोष्टी शेजारी ठेवल्या की समजतो. आणि दोन्हीकडे आजाऱ्याजवळ जाणारं कुणीतरी लागतंच, तेही समजतं.

पाकळ्यांच्या पाट्या

आजचं ईम कसं आहे? दुःखाचं दुकान मांडून बसलेलं गाव, असं वाटेल. तसं नाही. गावातल्या जुन्या घरांसमोर पाट्या आहेत. या घरात कोण राहत होतं, कोण कधी गेलं, कोण वाचलं, एवढंच लिहिलेलं. एका घरात नऊ नावं, दुसऱ्यात चार. त्या घरांत आजही माणसं राहतात. खिडकीत फुलांच्या कुंड्या असतात, दोरीवर कपडे वाळत असतात आणि दाराशी उभा राहून कुणी पाहुणा ती नावं वाचत असतो.

गावातल्या क्लॅरन्स डॅनियल यांनी आयुष्यभर जुन्या वस्तू, कागद, गोष्टी जमवल्या. त्या संग्रहाच्या पायावर १९९४ साली गावात संग्रहालय उभं राहिलं, एका जुन्या प्रार्थनाघरात. छपरावरच्या वातकुक्कुटाच्या जागी उंदीर बसवलाय! गावातले स्वयंसेवक मोठ्या आपुलकीनं ते चालवतात.

ऑगस्टचा शेवटचा आठवडा म्हणजे गावाची जत्राच. त्या भागात विहिरी सजवण्याची जुनी चाल आहे आणि ती बघून आपल्या बायकांना हेवा वाटेल. मोठमोठ्या लाकडी पाट्या आधी पाण्यात भिजवून ठेवायच्या. मग त्यांवर मीठ घातलेल्या मऊ चिखलाचा थर द्यायचा. कागदावरचं चित्र टोचून टोचून चिखलावर उतरवायचं. बाह्यरेषा बियांनी किंवा झाडांच्या छोट्या बोंडांनी आखायच्या आणि आतला रंग भरायचा तो फुलांच्या पाकळ्यांनी. एकेक पाकळी, कौलांसारखी एकीवर एक, म्हणजे पाऊस आला तरी पाणी ओघळून जातं. कितीतरी हात आणि कितीतरी तास लागतात. म्हातारी आजी, शाळेतली नात, ऑफिसातून आलेली सून, सगळी एकाच पाटीवर वाकलेली. आपल्या फुलांच्या रांगोळीसारखीच ही कला, फक्त उभी केलेली. आठवडाभरात पाकळ्या सुकतात, चिखल तडकतो, पाटी उतरवतात. पुढच्या वर्षी पुन्हा नव्यानं.

याच दिवसांत गावाची मिरवणूक निघते, मोठी मेजवानी असते. आणि महिन्याच्या शेवटच्या रविवारी ‘प्लेग संडे’. गाव चर्चपासून चालत त्याच घळीत जातं, जिथं १६६६ मध्ये चर्च बंद असताना प्रार्थना व्हायच्या. उघड्यावर, गवतावर बसून प्रार्थना होते. चर्चच्या आवारात कॅथरिन मॉम्पेसनच्या थडग्यावर फुलांचं चक्र ठेवतात. चर्चमध्ये १९८५ साली बसवलेली एक रंगीत काचेची खिडकी आहे. तिच्यात ही सगळी गोष्ट आहे.

जिचं नाव राहून गेलं

विल्यम मॉम्पेसन पुढं दुसऱ्या गावी गेला. तिथले लोक इतके घाबरले, की काही काळ त्याला गावाबाहेर झोपडीत राहावं लागलं असं सांगतात. ज्यानं वेस बंद केली, त्याच्यावरच वेशीबाहेर राहायची वेळ आली.

साथ संपल्यावर नोव्हेंबर १६६६ मध्ये त्यानं एका नातेवाइकाला पत्र लिहिलं. गाव कसं झालंय, कपडे आणि अंथरुणं कशी जाळली, घरं कशी स्वच्छ केली, हे त्यात आहे. आणि त्यातच एक वाक्य सहज येऊन जातं, की माझी मोलकरीण धडधाकट राहिली हे नशीब. ती कोसळली असती तर मला माझे कपडे धुणं आणि खाण्यापिण्याचं बघणं अवघड झालं असतं.

बस, एवढंच. तिचं नाव नाही, वय नाही. मालकीण तिच्या डोळ्यांसमोर गेली. गावात दिवसाला दोन-तीन माणसं मरत होती. आणि ही रोज चूल पेटवत होती, कपडे धूत होती, मालकाला वाढत होती. मनात आणलं असतं तर एखाद्या रात्री डोंगर ओलांडून गेलीही असती. गेली नाही. ऑस्ट्रेलियात जन्मलेली लेखिका जेराल्डिन ब्रूक्स हिला या एका वाक्यानं झोपू दिलं नाही. तिनं या मोलकरणीच्या तोंडून ईमची गोष्ट सांगणारी कादंबरी लिहिली, ‘इयर ऑफ वंडर्स’. ती २००१ साली आली. नाव अर्थातच ब्रूक्सला कल्पनेनं द्यावं लागलं.

ईममध्ये दगडाला नाव आहे, झऱ्याला नाव आहे, घळीला नाव आहे. दारादारावर मेलेल्यांची नावं आहेत आणि गाव ती दरवर्षी आठवतं. हे फार मोठं आहे. पण गाव बंद राहू शकलं ते ज्यांनी आत राहून रोजचं जगणं चालू ठेवलं त्यांच्यामुळं, आणि त्यांतल्या कितीतरी जणींची पाटी कुठंच लागलेली नाही.

करोनाचं वर्ष आठवा. आपल्या घरात, आपल्या गल्लीत कुणी डबे केले, कुणी वाफेचं पाणी दारात ठेवलं, कुठली आशाताई घरोघर ताप मोजत फिरली, कुठली नर्स पंधरा पंधरा दिवस घरी गेली नाही... नावं आठवताहेत ना? मग ती कुठंतरी लिहून ठेवा. वहीच्या मागच्या पानावर का होईना. अजून कुणी विसरलेलं नाही, तोवरच.